टिल्टहॅमरचा अबोला

रॉदरहॅममध्ये ऑक्सली घराणं डूख धरण्यासाठी प्रसिद्ध होतं. गॉर्डनच्या आजोबांनी कुंपणाच्या दोन फळ्यांवरून शेजाऱ्याशी एकवीस वर्षं वैर केलं. वडील सिरिल त्याहून वरचढ. ते पोलादाच्या कारखान्यात घणाच्या शेडमध्ये होते आणि युनियनच्या सभेत सगळ्यांत आधी वर जाणारा हात त्यांचाच असे.

छप्पन्न सालच्या संपात होरेस डंगवर्थ नावाचा माणूस सातव्या आठवड्यात कामावर गेला. धाकट्या पोरीला पोलिओ झाला होता, घरात चूल पेटत नव्हती. संप मिटल्यावर शेडमध्ये सभा झाली आणि हात वर करून होरेसला 'कॉव्हेंट्रीला' पाठवण्यात आलं. त्यात माणूस जागचा हलत नाही, फक्त त्याच्याशी कुणी बोलत नाही. आपण वाळीत टाकणं म्हणतो तेच. त्या शेडचा एक कायदा होता. वाळीत टाकायला बहुमत पुरे, परत घ्यायला मात्र एकूण एक हात वर हवा. दर वर्षी मत घेतलं जाई आणि दर वर्षी एक हात खाली राही. तो कुणाचा हे सांगायला नकोच. नऊ वर्षांनी होरेस मेला, तेव्हा तो प्रश्न निकालात निघाला.

आता गंमत बघा, की याच होरेसचा मुलगा लायनेल हा गॉर्डनचा जिवलग मित्र. शाळा सुटली की गॉर्डन डंगवर्थांच्या स्वयंपाकघरात. तिथे एडना आंटी पावावर गोठलेली चरबी फासून, वर मीठ भुरभुरून द्यायच्या आणि होरेस बोलत सुटायचा. दिवसभराचं तुंबलेलं सगळं तो घरी येऊन बाहेर काढी. कबुतरं, हवामान, राणीची टोपी, काय वाटेल ते. आठ वर्षांच्या गॉर्डनला वाटे, एवढा बोलका माणूस आपण पाहिलाच नाही. सिरिलना हे कळलं तेव्हा त्यांनी पोराला पट्ट्याने फोडला. गॉर्डन दुसऱ्या दिवशी परत गेला. त्या वयात तो बापापेक्षा बरा माणूस होता.

सहासष्ट साली गॉर्डन आणि लायनेल त्याच कारखान्यात उमेदवारी करत होते. दोघांनी बँड काढला, लायनेल गायला आणि गॉर्डन गिटारला. ड्रम वाजवायला स्टॅन रॅग मिळाला, म्हणजे घणापेक्षा जास्त आवाज करणारा एकमेव इसम. बेसला मेल्विन स्टॅनिफर्थ, ज्याला दिवसाला चार वाक्यांपेक्षा जास्त बोलायचा कंटाळा. बँडचं नाव ठेवलं टिल्टहॅमर, पाण्याच्या चाकावर चालणाऱ्या जुन्या घणावरून. नाव हात वर करून ठरलं. पुढेही सगळं तसंच ठरायचं. कुठलं गाणं घ्यायचं, व्हॅनमध्ये पुढे कोण बसायचं, स्टॅनने मोजे धुवायचे की फेकायचे. कारखान्यातली पोरं ती, निर्णयाची दुसरी रीत त्यांनी पाहिलेलीच नव्हती.

पहिली पाच वर्षं कामगारांच्या क्लबांत गेली. तिथल्या प्रेक्षकांइतकी दुष्ट जमात पृथ्वीवर नसेल. बिंगोच्या दोन डावांच्या मध्ये बँडला वीस मिनिटं. बार्न्सलीच्या एका क्लबात तर ऐन गाण्यात सेक्रेटरीने माइक हिसकावून घेतला.

"पॅटिस आलेत हो, गरम खिमा-पॅटिस! आणि ही पोरं आता थांबतायत, म्हणजे तुम्हाला चवही लागेल."

"अहो, अजून तीन गाणी आहेत," लायनेल म्हणाला.

"ती घरी आईला ऐकव, बाळा. तिचा नाइलाज आहे."

सगळा हॉल हसला. लायनेलने माइक परत ओढून घेतला आणि पॅटिस खाणाऱ्यांच्या तोंडावर तीन गाणी म्हटली. शेवटच्याला एकाने बशी भिरकावली, ती गॉर्डनच्या कपाळाला लागली. टाके पडले. परतताना चौघे व्हॅनमध्ये पोट धरून हसत होते. गॉर्डनला विचाराल तर तोच त्याच्या आयुष्यातला सगळ्यांत चांगला दिवस.

मग लंडनच्या एका रेकॉर्ड कंपनीचा माणूस आला आणि एकाहत्तर साली त्यांची रेकॉर्ड देशभर वाजली. दुसरी अमेरिकेत गेली. सिरिलच्या कारखान्याच्या फाटकासमोर पोरी उभ्या राहू लागल्या. लायनेल उंच, लालबुंद केसांचा, आवाज फाटका पण काळजात घुसणारा. फोटोत तोच पुढे असे. गॉर्डनला त्याचं काही वाटत नसे असं तो म्हणायचा, आणि ते खोटं होतं.

चौऱ्याहत्तर साली कंपनीला वाटलं की स्टॅन तालात कमी पडतो. नव्या रेकॉर्डला भाड्याचा ड्रमर घ्यावा, स्टॅनने फक्त स्टेजवर बसावं. स्टॅन हे ऐकून पांढराफटक पडला.

"जोवर स्टॅन वाजवत नाही, तोवर आपल्यातला एकही स्टुडिओची पायरी चढणार नाही," गॉर्डन म्हणाला. "हात वर."

चार हात वर गेले. लायनेलचाही.

सहा आठवड्यांनी गॉर्डन आणि मेल्विन डॉनकास्टरच्या रस्त्यावर ट्रकवाल्यांच्या एका हॉटेलात अंडी खात होते. रेडिओवर टिल्टहॅमरचं नवं गाणं लागलं. आवाज लायनेलचा. गिटार कुणा परक्याची, ड्रमही परके. गॉर्डनने काटा खाली ठेवला आणि गाणं संपेपर्यंत ऐकलं. गाणं चांगलं होतं, हे तर अधिकच लागलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी स्टॅनच्या आईच्या बैठकीत चौघे जमले. लायनेलने लपवाछपवी केली नाही.

"भ्यालो रे मी. ते म्हणाले, गाणं दे नाहीतर करार गुंडाळतो. मला पुन्हा त्या शेडमध्ये जायचं नव्हतं. तिथे माझ्या बापाचं काय झालं ते तू पाहिलंयस."

"पाहिलंय ना," गॉर्डन म्हणाला. "कशामुळे झालं तेही पाहिलंय. रक्तातच आहे तुमच्या."

स्टॅनची आई चहाची किटली घेऊन दारातूनच परत गेली.

"ते शब्द मागे घे," लायनेल म्हणाला.

"घेतो की. आधी हात मोजू. आपल्या वडिलांच्या रीतीने."

लायनेल हसला. त्याला खरंच थट्टा वाटली. "लेका, आपण बँड आहोत, कारखाना नाही."

गॉर्डनने हात वर केला. मेल्विनने जमिनीकडे बघत केला. स्टॅनने सगळ्यांत शेवटी, कारण अन्याय त्याच्यावर झाला होता आणि हात न करणं त्याला बरं दिसलं नसतं. लायनेल काहीतरी बोलत होता. तिघांनी कोट चढवले आणि निघून गेले.

तुम्ही म्हणाल, एवढं झाल्यावर बँड मोडला असेल. कसला मोडतोय! ते चोरून गायलेलं गाणं दुसऱ्या क्रमांकावर गेलं आणि आता बँड फुटेल म्हणून घाबरलेल्या कंपनीने स्टॅनला परत बोलावलं. टिल्टहॅमर पुढची चार वर्षं गावोगाव वाजत राहिला, आणि त्या चार वर्षांत तिघांपैकी एकही लायनेलशी एक अक्षर बोलला नाही. सामान वाहणारा आणि गाडी हाकणारा विल्फ मधला निरोप्या झाला. वर्तमानपत्रवाल्यांनी लिहिलं, की स्टेजवरचा हा थंडपणा म्हणजे नवी शैली आहे. त्यांना काय, कावळ्याचं पिल्लू पांढरं म्हणून खपवलं तरी ते छापतील.

छळ बारीकसारीक होता. लायनेल चुकीच्या सुरात सुरू झाला तर त्याला तसाच जाऊ देत. हॉटेलात तो टेबलाशी आला की तिघे ताटं उचलत. ओहायोमध्ये त्याला ताप चढला, तर दाराबाहेर विल्फशिवाय कुणी फिरकलं नाही. लायनेल पहिलं वर्षभर बोलून पाहत असे. चिडून, विनोद करून, एकदा रडून. ज्याचं ऐकायचंच नाही असं ठरलंय, त्याने माफी मागितली तरी ती पोहोचते कुठे?

आणि गॉर्डनला नेमकं काय हवं होतं? लायनेल परत हवा होता. याहून दुसरं काही नाही. रोज सकाळी उठल्यावर त्याला तोच हवा असे. पण यावा तो नाक घासत, सगळ्यांदेखत, म्हणजे ऑक्सली घराण्याची मान ताठ राहील. असा हट्ट धरणाऱ्याला आमच्याकडे एकच शब्द आहे, तो इथे लिहिता येत नाही.

सत्त्याहत्तर साली रॉटरडॅमला स्टेजवर धूर सोडला होता. लायनेल गात गात मागे सरकत निघाला, कडेकडे. गॉर्डन चार पावलांवर होता. त्याला कडा दिसत होती, लायनेलची टाच दिसत होती. त्याने तोंड उघडलं. तीन वर्षं न उच्चारलेलं नाव बाहेर पडलं नाही आणि लायनेल आठ फूट खाली कोसळला. गळ्याजवळचं हाड मोडलं.

इस्पितळाच्या बाकावर स्टॅन उठून उभा राहिला.

"पुरे झालं हे. माणूस मेला असता. हात वर."

त्याने केला, मेल्विनने लगेच केला. गॉर्डनचे दोन्ही हात मांडीवरच राहिले.

"गॉर्डन, माझ्यासाठी होतं ना हे सगळं? मग मी सांगतो, मला नको."

"त्याने अजून चूक कबूल केलेली नाही."

"पहिल्याच दिवशी केली होती!" मेल्विन ओरडला. त्याचा आवाज चढलेला कुणी कधी ऐकला नव्हता. "तू ऐकली नाहीस. अगदी बापावर गेलास तू."

गॉर्डन उठून बाहेर गेला. कायदा म्हणजे कायदा. एक हात खाली होता, म्हणून बाकीचे दोघेही गप्प राहिले. आता कुणी म्हणेल, बोलायचं होतं सरळ, कोण अडवत होतं? पण ती माणसं तशीच होती. मताविरुद्ध जाणं म्हणजे पुन्हा संपफोड्याचंच काम, असं त्यांना लहानपणापासून पढवलेलं.

पुढच्या वर्षी डिसेंबरात शेफील्डला कार्यक्रम होता, घरच्या माणसांसमोर. दुपारी आवाजाची यंत्रं तपासणं चाललं होतं. गॉर्डन रिकाम्या खुर्च्यांच्या रांगेत गिटारच्या तारा बदलत बसला होता, तेव्हा एडना आंटी आल्या. डोक्याला रुमाल, हातात पिशवी. लायनेलला लोकरीचा मफलर द्यायला आल्या होत्या. गॉर्डन उभा राहिला.

"कशा आहात, एडना आंटी?"

"बरी आहे, पोरा. गुडघे सोडून." त्या शेजारच्या खुर्चीवर बसल्या. मग अगदी साध्या आवाजात म्हणाल्या, "तुझ्या बापाचा मला कधी फार राग आला नाही, गॉर्डन. त्याने हात वर केला, तो आमचा कोण होता? तो माझ्या घरी जेवला नव्हता."

गॉर्डन काढलेली तार बोटाभोवती गुंडाळू लागला.

"होरेस घरी यायचा ना, तेव्हा तुला बघून त्याला बरं वाटायचं. म्हणायचा, ऑक्सलीचं पोरगं माझ्याशी बोलतं, म्हणजे जग अजून पुरतं बिघडलेलं नाही." त्यांनी पिशवी उचलली. "कुठे आहे रे माझा मुलगा?"

त्या गेल्यावर गॉर्डन जो उठला तो तडक स्टेजवर. स्टॅनने काठ्या खाली ठेवल्या. मेल्विनने त्याच्याकडे पाहिलं. गॉर्डनने हात वर केला, सरळ, खांद्यापासून. बाकीच्या दोघांचे हात त्याआधीच वर पोहोचले होते.

"जा," स्टॅन म्हणाला. त्याचे डोळे भरले होते. "जा लवकर, मूर्खा."

लायनेल मागच्या खोलीत आरशासमोर बसला होता. गळ्यात आईने आणलेला मफलर. गॉर्डन दारात उभा राहिला आणि चार वर्षांत पहिल्यांदा त्याने हाक मारली.

"लायनेल."

लायनेल वळला. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता. रागाची तयारी गॉर्डनने केली होती. शिव्या, ठोसा, काहीही चाललं असतं.

"अरे, गॉर्डन. ये ना. बस."

"मी... तो शब्द मी मागे घेतो. तुझ्या वडिलांवरून बोललो तो. सगळंच मागे घेतो. माझं चुकलं."

"बरं केलंस सांगितलंस." लायनेलने खुर्ची पुढे सरकवली. "विल्फ तुम्हाला उद्या सांगणारच होता. आजचा हा माझा शेवटचा. मी सोडतोय."

"पण आता झालं ना सगळं! तिघांचे हात वर आहेत. आता बोलता येईल आपल्याला."

"हो, कळलं ते." लायनेलने आरशापुढची चहाची किटली जवळ ओढली. "तुला सांगतो, गॉर्डन, चार वर्षं मी तुझ्याशी रोज बोलत होतो. हॉटेलात, न्हाणीघरात, विमानात. भांडायचो, समजावायचो. तू काय उत्तर देशील तेही मीच म्हणायचो. या मार्चमध्ये ब्रसेल्सला असताना एका संध्याकाळी लक्षात आलं, की आज दिवसभरात मी तुझ्याशी बोललोच नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. मग ते बंदच पडलं."

"मग आता बोल की. शिव्या दे मला."

"नाहीत रे आता." तो खरंच शोधत असल्यासारखा थांबला. "खरंच नाहीत."

बाहेर विल्फने कुणाला तरी हाक मारली. लायनेलने मफलर सारखा केला, किटलीला हात लावून पाहिला आणि एका कपात चहा ओतून गॉर्डनपुढे ठेवला, साखर किती हे विचारून. घरी आलेल्या पाहुण्याला विचारावं तसं त्याने विचारलं.

"तू गाडीनेच आलास ना?" तो म्हणाला. "डोंगरावरच्या रस्त्याला बर्फ होतं का?"

"थोडंसं," गॉर्डन म्हणाला.