रकाना नऊ, उजवा बूट

डावा आठशे दहा ग्रॅम. उजवा सातशे बावन्न.

*

"आपला कॉल आमच्यासाठी महत्त्वाचा आहे." मग बासरी. मग पुन्हा महत्त्वाचा. मग पुन्हा बासरी.

*

बोल्ट मोजत बसायचे नसतात. शंभर बोल्टांचं वजन एकदा काढायचं, मग पोत्याचं, आणि भागाकार करायचा. हजारात दोन-चार इकडे तिकडे. कोणी हरकत घेत नाही.

*

तिसऱ्या फळीवर, पार भिंतीकडे, जुन्या बुटांचा एक जोड. एका बुटाला नाडीच्या जागी वायर. चिठ्ठी नाही. अख्ख्या स्टोअरात चिठ्ठी नसलेली ही एकच वस्तू.

*

घरात दारापाशी हल्ली एकच चप्पल असते, डावी. उजवी सासूबाईंनी कपाटावर टाकली. "रोज उठून बघवत नाही," म्हणाल्या.

*

रकाना नऊ : वस्तू कुठे बनली.

*

तर या सगळ्याची सुरुवात त्या रकान्यापासून. शेवट कुठे, ते अजून कोणाला माहीत नाही.

कारखान्याच्या स्टोअरची बाई एकोणीस वर्षं जाळीच्या खिडकीमागे बसते. तिला सगळे ताई म्हणतात, अगदी तिच्याहून मोठेसुद्धा. तिचा दीर तिथेच प्रेस विभागात. घरात तो धाकटा, म्हणून कारखान्यातही धाकटाच. गेल्या महिन्यात ट्रॉलीवरून चाळीस किलोचा साचा घसरला तो नेमका त्याच्या उजव्या पायावर. पायात बूट होता. नवा कोरा, साळिंदर छाप, बोटांवर लोखंडी टोपी असलेला. टोपीने बोटं वाचवायची असतात. या टोपीने ती कापली. दोन.

चौकशीचा फॉर्म सेफ्टीवाल्या साहेबांकडे आला. अपघाताचं कारण लिहायला दोनच पर्याय : कामगाराची चूक, किंवा सदोष साधन. साहेबांनी पेन्सिलीने पहिल्यावर खूण करून ठेवली होती.

"नाडी सैल असणार," ते म्हणाले.

"तुम्ही बघितली?"

"ताई, असणार म्हटलं मी. साळिंदर आहे ते. नावाजलेला माल."

"आणि दुसऱ्यावर खूण करायची असेल तर?"

"तर रकाना नऊ भरावा लागतो. वस्तू कुठे बनली. त्याशिवाय सदोष म्हणता येत नाही, नियम आहे. शुक्रवारी फॉर्म जाणार." साहेबांनी पेन्सिल कानावर ठेवली. "धाकट्याचं मी बघतो हो. नाडी सैल होती असं त्याने लिहून दिलं तर वर्षभर गेटवर बसवू."

वर्षभर. मग? मग काय, आपली चूक होती असं लिहून देणाऱ्या लंगड्या माणसाला कोण ठेवतं?

ताईला वाटलं होतं, रकाना भरायला पाच मिनिटं लागतील. खोक्यावर लिहिलेलं असेल की!

*

खोक्यावर काटे फुलवलेलं साळिंदर होतं. खाली ठसठशीत अक्षरांत : आपल्या माणसांनी, आपल्या माणसांसाठी. कोणती आपली माणसं, ते नव्हतं. बुटाच्या जिभेखाली लेबल : रचना आणि गुणवत्ता, साळिंदर. खोक्याच्या बुडाला, मुंगीच्या पायाएवढ्या अक्षरांत : जोडणी व पॅकिंग, गोदाम क्रमांक चार.

तिने लिहिलं : गोदाम क्रमांक चार.

साहेबांनी खोडलं. "गोदामात बूट बनतात होय? उद्या म्हणाल कोंबडी फ्रिजमध्ये जन्मते."

*

बासरी. महत्त्वाचा. बासरी. मग एक गोड गळ्याची मुलगी.

"मॅडम, साळिंदर म्हणजे विश्वास."

"विश्वास आहे गं. पत्ता हवाय."

"आमचे बूट इथेच डिझाइन होतात, मॅडम."

"चित्र कुठे काढलं ते नाही विचारत मी. शिवले कुठे?"

"आमच्या देखरेखीखाली, मॅडम."

"देखरेख कुठे असते?"

"सगळीकडे, मॅडम."

ताईने फोन कानापासून लांब धरला आणि त्याच्याकडे बघितलं, जसं नळाला पाणी नसलं की माणूस नळाकडे बघतो.

"बाळ, तुला तरी माहीत आहे का?"

पलीकडून हळू आवाजात, "नाही हो काकू. आम्हाला पाठ करायला कागद देतात." आणि लगेच मोठ्याने, "आणखी काही मदत करू शकते का, मॅडम?"

आणखी!

रकाना नऊ : ~~आमच्या देखरेखीखाली~~

*

मंगळवारी दवाखान्यातून धाकट्याची पिशवी आली. घड्याळ, कंगवा, आणि डावा बूट. उजवा कापून काढावा लागला होता, तो साहेबांच्या कपाटात कुलपात. डावा मात्र धडधाकट.

स्टोअरात आलेली वस्तू काट्यावर ठेवल्याशिवाय आत घ्यायची नाही, ही ताईची एकोणीस वर्षांची खोड. तिने बूट काट्यावर ठेवला, आणि ठेवल्यावर स्वतःच्याच कपाळावर हात मारला. आता हे कशात नोंदवणार?

आठशे दहा.

डोक्यात भागाकार आपोआप झाला. माल आला तेव्हा तिने दहातला एक जोड तोलला होता. कागदावर जोडाचं वजन पंधराशे ऐंशी, पन्नास कमी-जास्त. काट्यावर पंधराशे बासष्ट. ठीक, घ्या आत. पंधराशे बासष्टचं अर्धं सातशे एक्क्याऐंशी.

मग हा आठशे दहा कसा?

तिने नवं खोकं उघडलं. डावा आठशे दहा. उजवा सातशे बावन्न. दुसरं खोकं. आठशे आठ, सातशे पन्नास. तिसरं. चौथं. बाराव्या खोक्यापाशी ती जमिनीवर बसली. भोवती चोवीस बूट, सगळे तिच्याकडे तोंड करून.

जन्मात तिने एकटा बूट तोलला नव्हता. बूट जोडानेच तोलतात. एकेक कोण तोलतं?

*

कोपऱ्यावर बूट शिवणारा म्हातारा आहे, त्याला सगळे टाकेबाबा म्हणतात. ताईने एक कोरा जोड त्याच्यापुढे ठेवला. "कापा."

"नवे आहेत गं."

"म्हणूनच."

बाबांनी आधी तळवे पालथे केले. तळव्यात रबर ओततानाच एक चिमुकलं घड्याळ उमटवलेलं असतं, बारा महिन्यांचं, त्यातला बाण महिना दाखवतो. डाव्याचा बाण तीनवर. उजव्याचा अकरावर.

"आठ महिन्यांचं अंतर," बाबा म्हणाले. "जुळे म्हणून खपवलेत."

मग पातं चालवलं. डाव्यातून जाड, वाकवता न येणारी टोपी निघाली. तिला दुहेरी टाका. उजव्यातून निघाली ती बाबांनी पकडीत धरली आणि बिस्किटाच्या डब्याच्या झाकणासारखी वाकवून दाखवली. कडा धारदार. टाका एकेरी, बाकी सगळा कारभार गोंदावर.

"ही भावंडं नाहीत पोरी. शेजारीसुद्धा नाहीत. याची आई वेगळी, बाप वेगळा, गाव वेगळं."

"कोणतं गाव?"

"ते मला काय ठाऊक? मी बूट ओळखतो, गाव नाही ओळखत."

"सगळे एवढंच सांगतात," ताई एकदम खेकसली. "हे नाही ते सांगतात! मला एक नाव द्या. एक नाव लिहायचंय मला, बोटभर रकाना आहे!"

बाबांनी दोन्ही टोप्या तिच्या हातात ठेवल्या. शिलाईचे पैसे घेतात, फाडायचे घेत नाहीत.

*

धाकट्याने पाय स्टुलावर ठेवला होता. पट्टी एवढी मोठी, की पाय कोणा दुसऱ्याचाच वाटावा.

"वहिनी, सोड ना ते. मला आता मोजाही अर्धाच पुरेल, तेवढीच बचत."

"हसू नकोस."

"बरं, नाही हसत. साहेब म्हणतो सही कर. गेटवर बसायचं, येणाऱ्या-जाणाऱ्याला सलाम ठोकायचा. वाईट काय?"

"सैल होती नाडी?"

"मी नाडी सैल बांधीन? मला आईने शाळेत असताना बांधायला शिकवलं ते अजून तसंच बांधतो, सशाचे कान."

आतून सासूबाई म्हणाल्या, "सशाचे कान बांधून माझ्या पोराची बोटं गेली, आणि साळिंदराला कोणी विचारत नाही."

धाकटा पट्टीचा सुटलेला दोरा ओढत सहज म्हणाला, "माझे जुने कुठे आहेत गं?"

"स्टोअरात," ताई म्हणाली आणि उठून चहा ठेवायला गेली. चहा नुकताच झाला होता.

*

गुरुवारी तिने गोदाम क्रमांक चारचाच नंबर शोधला. बासरी नाही. थेट एक माणूस, काहीतरी खात असलेला.

"बनवत नाही हो आम्ही. आम्ही लग्न लावतो."

"काय?"

"डाव्याला उजवा गाठून देतो. डावे एकीकडून येतात, उजवे दुसरीकडून. खोक्यात घालतो, झाकण लावतो, शुभमंगल."

"असं का?"

"चोरी होऊ नये म्हणून. नुसते डावे चोरून कोण काय करणार?" तो स्वतःच हसला. "डोकं आहे ना?"

"डावे कुठे बनतात?"

"डाव्याचा कारखाना ठरलेला. त्याचंच सर्टिफिकेट असतं बघा तुमच्या कागदांत."

ताईने कागद काढले. सर्टिफिकेट होतं. चाचणीचा नमुना : बूट, डावा, नग सहा. महिनाभर तो कागद तिच्याच फाइलीत होता. सही तिचीच. "डावा" हा शब्द तिने वाचला होता, आणि वाचून पुढे गेली होती.

"आणि उजवे?"

"उजव्याचं असं ठरलेलं काही नसतं. ज्या महिन्यात जो स्वस्त देईल त्याचे. आम्हालाही पोत्यावर नुसता आकडा येतो."

"दादा, एवढं मला लिहून द्या ना. दोन ओळी."

खाणं थांबलं. फोनही.

*

रकाना नऊ : ~~अकरावा महिना~~

रकाना नऊ : ~~जिथे कोणी विचारत नाही तिथे~~

रकाना नऊ :

*

शुक्रवारी सकाळी प्रेस विभागाची माणसं खिडकीपाशी आली. बूट रोज स्टोअरातच ठेवायचे आणि स्टोअरातूनच न्यायचे, हा साहेबांचा नियम. ताईने प्रत्येकाला डावा दिला.

"ताई, उजवा?"

"उजवा नाही."

आत फळीवर सगळे उजवे ओळीने उभे होते आणि प्रत्येकाला लाल चिठ्ठी : माल अमान्य. एवढा एक अधिकार स्टोअरच्या बाईला असतो, आणि एकोणीस वर्षांत तिने तो दोनदाच वापरला होता, दोन्ही वेळा गंजलेल्या वायसरांसाठी.

साहेब धावत आले. गेटवरची पाटी त्यांनीच लावलेली : सुरक्षा बुटाशिवाय आत पाऊल नाही. जुने बूट त्यांनीच महिन्यापूर्वी भंगारात काढायला लावलेले.

"अहो, ही माणसं काय लंगडी खेळत प्रेस चालवणार?"

"माझा दीर खेळणारच आहे जन्मभर," ताई म्हणाली. "हीही शिकतील."

रांगेत कोणीतरी खुसखुसलं, कोणीतरी खरंच एका पायावर दोन उड्या मारल्या. साहेब वळल्यावर सगळे झाडासारखे उभे.

तिने जाळीतून दोन्ही टोप्या आणि फॉर्म सरकवला. "फॉर्म एका बुटाचा भरलाय. बूट, उजवा, नग एक. डाव्याबद्दल माझी तक्रार नाही."

साहेबांनी वाचलं. "रकाना नऊ : विचारलं, सांगत नाहीत. हे काय ठिकाण झालं?"

"माझ्याकडे तेवढंच आहे."

"हे चालत नाही."

"मग तुम्ही शोधा. नंबर देते. बासरी छान आहे."

अकरा वाजले. प्रेस गार. वरून मोठ्या साहेबांचे दोन फोन आले. दुसरे बूट आजच्या आज मागवायचे तर आधीचा माल सदोष असल्याचं साहेबांना स्वतःच्या सहीने लिहावं लागणार होतं. आणि मालाला सदोष म्हणून धाकट्याच्या फॉर्मवर कामगाराची चूक लिहिता येणार नव्हती, माल तोच होता. साहेबांनी हा हिशेब दोनदा करून बघितला. मग त्यांनी उजवी टोपी अंगठ्याने दाबली. ती वाकली. त्यांनी अंगठ्याकडे बघितलं, रक्ताचा एक थेंब आला होता.

पेन्सिलीची खूण पुसली गेली. दुसऱ्या पर्यायावर शाईने झाली. रकाना नऊमधलं त्यांनी तसंच राहू दिलं. सही करताना त्यांनी एकदाही वर बघितलं नाही.

ताईला वाटलं होतं, आता बरं वाटेल.

*

सोमवारी नवा माल आला. तेच साळिंदर, तीच आपली माणसं. बुडाला : जोडणी व पॅकिंग, गोदाम क्रमांक सहा. ताईने एकेक बूट वेगळा तोलला, सगळेच्या सगळे, खिडकीबाहेर रांग बोंबलत असताना. डावा आठशे दहा. उजवा आठशे चार. टाकेबाबांनी एक जोड फाडला आणि मान डोलावली. चालेल.

कुठला, ते अजूनही कोणी सांगितलेलं नाही. बासरी वाजतेच आहे.

*

अपघाताच्या दिवशी सकाळी धाकटा जुनेच, वायर बांधलेले बूट घालून आला होता. खिडकीपाशी ताईने ते काढून घेतले आणि त्याला नवे दिले.