आढ्याखाली

छप्पर भांडणावर उभं असतं, असं सुतार नेहमी म्हणायचा. समोरासमोरचे दोन वासे माथ्यावर एकमेकांना रेटतात, मधलं आढं दोघांचा जोर झेलतं आणि खालची तुळई त्यांचे पाय फाकू देत नाही. पण वाशांच्या जोड्या पुरत्या ठोकून होईस्तोवर सगळा कारभार टेकूच्या भरवशावर.

त्या दिवशी गोदामाच्या आढ्याचं एक टोक पहिल्या जोडीवर बसलं होतं. तिथे मांड टाकून दाजी खिळे ठोकत होता. दुसऱ्या टोकाखाली जमिनीपासून उभा केलेला लांब टेकू होता, आणि शेजारी परांचीवर उभा राहून सुतार आढं सावरत होता. खाली सुताराची धाकटी बहीण, म्हणजे दाजीची बायको, एका हातानं दोरीला वासे अडकवून वर देत होती. दुसरा हात गळ्यात बांधलेला. तो कुणी मोडला हे तिघांनाही ठाऊक होतं. सकाळी सुतारानं दाजीचा एक दात पाडला होता, दाजीनं त्याची भुवई फोडली होती, आणि मग दोघं निमूट एकाच गाडीतून कामावर आले होते.

हे असंच चालायचं. दाजीला रंधा धरायला सुतारानंच शिकवलेलं, पण गडी खाल्ल्या घरचे वासे मोजणारा. धाकटी रडत माहेरी आली की सुतार त्याला चार ठेवून द्यायचा आणि संसार आहे म्हणून तिला परत पाठवायचा. तिच्या वाट्याला तोंड दाबून बुक्क्यांचा मार.

"हा वासा आखूड आहे," दाजी वरून म्हणाला.

"मापानंच कापलाय," ती खालून म्हणाली.

दाजीनं हातोडा फेकला. तो तिच्या गळ्याच्या हाडावर बसला. ती खाली कोसळली, मग उठली, तोच हातोडा उचलला आणि टेकूच्या बुडाशी दोन घाव घातले. टेकू निसटून आडवा झाला. आढ्याचं सगळं ओझं सुताराच्या खांद्यावर आलं.

"दादा, खांदा काढ," ती म्हणाली.

सुताराच्या पायाखालच्या फळ्या करकरल्या. खांदा काढला की दाजी फरशीवर, आणि बहीण विधवा. एवढंच त्याला सुचलं.

"दाजी, उतरा लवकर. टेकू लावा."

दाजी शिडीनं उतरला. टेकूकडे त्यानं पाहिलंही नाही. धाकटीचे केस धरून त्यानं तिचं तोंड भिंतीवर आपटलं, मग गळ्यातला हात ओढून पिरगाळला. हाड वाजलेलं सुताराला वर ऐकू आलं. तो शिव्या देत होता, विनवत होता, पण जागचा हलू शकत नव्हता; आता खांदा काढला तर आढं खालच्या बहिणीवरही पडलं असतं. ज्याला वाचवायला आढं धरलं होतं तोच खाली बहिणीला मारत होता, आणि सुताराला स्वतःची शिसारी आली.

धाकटीनं दाजीच्या मनगटाचा लचका तोडला आणि ती सरपटत आढ्याखालून भिंतीच्या कोपऱ्यात गेली. तेव्हा कुठे दाजीनं टेकू उचलला. लावायला नव्हे. दोन्ही हातांनी डोक्यावर उगारून तो गोदामाच्या मधोमध, आढ्याखाली आला.

सुतारानं खांदा काढला.

पलीकडचे खिळे उपटून वासे कडाडले आणि आढं दाजीच्या मांड्यांवर पडलं. धूळ बसली तेव्हा तो चितपट पडला होता, एक पाय गुडघ्यातून उलटा फिरलेला.

"दादा, उचला," तो हंबरला. "दादा, मरतोय मी."

सुतार धडपडत खाली उतरला आणि सवयीनं आढ्याखाली हात घालायला वाकलाही.

"मी सांगितलं तेव्हाच का नाही काढलास खांदा?" कोपऱ्यातून धाकटीनं विचारलं. तिचं तोंड रक्तानं भरलं होतं, शब्द नीट फुटत नव्हते.

सुतारानं हात मागे घेतले आणि तो तिच्या शेजारी जाऊन बसला.