टिंबापुढचा नऊ

नऊ या आकड्याचा मला राग हाय. लोकांना साडेसातीचं भ्या असतं, मला नऊची चीड हाय.

अठरा वर्षं फौजेच्या दवाखान्यात क्लार्की केली. सुटून आलो, पण कोरेगावला बांधावर बसून ऊस बघणं आपल्याच्यानं व्हईना, म्हणून मिरजेत एका दवाखान्याच्या रेकॉर्ड रूममधी नोकरी धरली. नाथाजी म्हणणारी आई गेली, आता समदे हवालदारच म्हणतात.

काम असं. डॉक्टर पेशंटच्या कार्डावर रोग लिहिणार, मी पुस्तकात बघून त्या रोगाचा आकडा तांबड्या शाईनं कोपऱ्यात घालणार. १९७९ साली नवं पुस्तक आलं, उशाला घ्यावं एवढं जाड. नियम एकच: डॉक्टरनं लिहिलं त्याचाच आकडा, आपली अक्कल पाजळायची न्हाई. मानेचं दुखणं लिहिलं आन् कशानं ते लिहिलं न्हाई, तर सातशे तेवीस, टिंब, नऊ. नऊ म्हंजे काय झालंय ते ठरलं न्हाई. फौजेत असलं उत्तर दिलं असतं तर सुभेदारानं ग्राउंडाला धा चकरा मारायला लावल्या असत्या. इथं मी तेच रोज तांबड्या शाईनं लिहीत व्हतो.

एक दिवशी दुपारी साडेबाराला बाहेरच्या पेशंटांची कार्डं आली. वरचंच कार्ड हरणाबाईचं. वय बावीस, गाव जत तालुक्यात. मानेचं दुखणं, कारण न्हाई. लेखणी उचलली आन् बघतो तर कोपऱ्यात दोन नऊ आधीच बसलेले. दोन्ही माझ्याच हातचे.

पहिल्या बारीला लिहिलं व्हतं, मान दुखते. दुसऱ्या बारीला, हाताला मुंग्या येतात. आज तिसरी बारी: हातातली कळशी निसटते. आठ महिन्यांत बाई कुठनं कुठं आली, आन् माझा आकडा जागचा हललेला न्हाई.

डोक्यात तिडीक गेली. कपाटातली सहा महिन्यांची कार्डं खाली काढली आन् मानेच्या टिंब-नऊची कार्डं निराळी केली. हरणाबाईचं धरून अकरा निघाली. अकराच्या अकरा बाया, जत-आटपाडीकडच्या. पुरुष एक न्हाई. कार्डावर एक रकाना असतो, सोबत कोण आलंय. वाचत गेलो: सासरा, सासरा, थोरला दीर, सासरा. तवा माझी ट्यूब पेटली. ह्या बायांची मान कुणी बघितलीच न्हाई.

जतची एस्टी दोनला सुटायची. मी कार्ड घेऊन धाकट्या डॉक्टरांकडं गेलो.

"साहेब, ह्या बाईची मान बघितली का?"

"बघितली की. हात लावून बघितली."

"पदरावरनं?"

त्यांनी गळ्यातली नळी काढून टेबलावर ठेवली. मंग म्हणाले, "म्हातारा शेजारी उभा होता. ती पदर काढेना. रांगेत ऐंशी माणसं. मी काय करू, हवालदार? तुम्ही आपले आकडे घाला."

"घालतो. आजवर तेच केलं. पण उंटावरनं शेळ्या हाकायचं आता बास. हिच्या कार्डावर मी नऊ घालणार न्हाई. मोकळंच वर पाठवतो, मंग मला जाब विचारू द्या."

डॉक्टर चिडले, कानापर्यंत लाल झाले. पण माणूस खोटा न्हवता. कार्डावरच्या तिन्ही ओळी त्यांनी एका खाली एक वाचल्या आन् म्हणाले, "गेली नसेल तर बोलवा."

गेली न्हवती. औषधाच्या खिडकीपाशी बाकावर बसली व्हती, पदर कपाळाच्या खाली ओढलेला. शेजारी खांद्यावर घोंगडं टाकून तिचा सासरा, बिराप्पा. उभी हयात मेंढरांमागं गेलेला माणूस.

"तात्या, सुनंची मान परत बघायची हाय. तिला आत पाठवा आन् तुमी हितंच बसा."

"एकलीला? परक्या बाप्यांत?" त्यानं काठी आपटली. "म्या असल्याबिगार ती आत जायाची न्हाई."

"आमची बनुबाई हाय की आत. आया हाय, तुमच्याच बाजूची."

"तरी बी न्हाई. आवं, गाडी चुकंल माझी."

आता हुकूम सोडावा असं जिभेवर आलं व्हतं. पण हा काय माझ्या पलटणीतला शिपाई न्हवता. मी खाली त्याच्या म्होरं उकिडवा बसलो.

"तात्या, एक सांगा. मेंढरू मान टाकाय लागलं तर तुमी काय करता?"

"काय करायचं? लोकर सारून बघायचं, कुठं किडं पडलं का, गाठ हाय का."

"लोकरीवरनं हात फिरवून कळतं का?"

"त्येनं काय कळनार?" म्हणाला. माझ्याकडं बघितलं, सुनंकडं बघितलं. मंग काठी उचलली, व्हरांड्याच्या पार टोकाला गेला आन् दवाखान्याकडं पाठ करून बसला.

आत काय झालं ते बनुबाईनं मला मागनं सांगितलं. हरणाबाईनं इचारलं, "मामंजी लांब गेलं न्हवं?" व्हय म्हटल्यावर तिनं सोताच पदर खाली घेतला. बनुबाई म्हणाली, अगं, मंग एवढं दिवस का न्हाई? तर म्हणती, "म्या कवाच दावली आसती. डागतराचं काय न्हाई. मामंजी हुबं असायचं."

मानेच्या मागं हाड वर आलेलं, कानाखाली गाठींची माळ. एक्स-रेचा फोटो काढला. मणक्याला टीबी, हाड पोखरत चाललेलं. आणखी महिनाभर डोक्यावर कळशी घेतली असती तर हातपाय गेले असते, असं डॉक्टर म्हणाले. तिला निजवून मानेला प्लास्टर घातलं. दोनची एस्टी गेली. डॉक्टरांनी कार्डावर रोग लिहिला, मी पुस्तकात त्याचा आकडा हुडकला आन् कोपऱ्यात घातला. बाकीचे दोन नऊ माझेच व्हते, ते कुणावर ढकलू?

उरलेल्या धाजणींच्या गावांना त्याच दिवशी पोस्टकार्डं लिहिली. मानेसाठी परत या, संगती सासू न्हाईतर आई आणा. नऊजणी आल्या. कुणाची शीर आखडलेली, कुणाच्या गाठी, दोघींना टीबी. दगडाबाई तेवढी आली न्हाई. दुसरं कार्ड टाकलं, त्याचंही उत्तर न्हाई.

बिराप्पा आठवड्याला सुनंसाठी भाकरी घेऊन यायचा. त्याला दगडाबाईचं नाव सांगितलं.

"आप्पासोची सून," तो म्हणाला. "त्या वस्तीवर कार्ड वाचनारं कोन हाय? चला, म्या येतो."

रविवारी बिराप्पा, बनुबाई आन् मी एस्टीनं गेलो. उतरून दोन कोस चाललो. वस्तीवर आप्पासो दारातच उभा. आत भिंतीला टेकून दगडाबाई बसलेली, पदर पुढं, आन् हनुवटी दोन्ही हातांनी धरलेली. हात काढला तर डोकं तोलंना. मी तोंड उघडणार, तेवढ्यात बिराप्पानं आप्पासोचं मनगट धरलं.

"चल गड्या, आपुन भाईर बसू."

"का म्हनून? माजं घर हाय."

"तुज्यामुळं तिचा पदर पडंना. माज्यामुळं माज्या सुनंचा पडत न्हवता. आट म्हैनं म्या तिच्या राखनीला हुबा ऱ्हायलो, आन् म्याच आडवा व्हतो."

"आरं, रिवाज हाय त्यो."

"हाय की. लांब बसून पाळू."

आप्पासोनं एकदा आत सुनंकडं बघितलं. मंग दोघं जाऊन लिंबाखाली बसले, दाराकडं पाठ करून. मीही त्यांच्या शेजारी बसलो, मांडीवर दगडाबाईचं कार्ड.

आतनं बनुबाईची हाक आली, "हवालदार, हिला आजच न्यायला पायजे. निजवून न्यायची, बसवून न्हाई."

आप्पासो उठला. एकदाही मागं न बघता म्हणाला, "गाडीत बाज टाकतो. बैलं जुपायला कुनीतरी हात लावा."