होसोनुमासाहेबांचा अडकलेला सूर

मित्रांनो, मी एक जुना टेपरेकॉर्डर आहे. अंगावर टेप फिरवणारी दोन चाकं असूनही वीस वर्षं मी वाशीच्या एका फ्लॅटच्या लॉफ्टवर, फुटक्या कुकरखाली अडकून पडलो होतो.

माझा जन्म जपानातला. माझे मालक होसोनुमासाहेब सिनेमांना संगीत देत. उमेदीच्या काळात त्यांनी भुतांचे आणि तलवारबाजीचे सिनेमे केले. ढोल एवढे बडवले की थिएटरातले उंदीर शेजारच्या गावी राहायला गेले. विश्वास नसेल तर त्या उंदरांना विचारा. मग एकदा पडद्यावर एक म्हातारी नुसती तांदूळ धूत होती. साहेबांनी लिहिलेलं सगळं खोडलं, फक्त बांबूची बासरी ठेवली. तीही उशिरा येई. आधी शांतता, मग सूर. निर्माते म्हणाले, "तीस वादक काय चहा प्यायला बोलावले?" पण थिएटरात लोक श्वास रोखून बसू लागले आणि साहेबांचं नाव झालं.

मोरा बंदरातला मधुकर जहाजावर वायरमन होता. योकोहामात बोट लागली तेव्हा त्याने माझी जळालेली मोटर दुरुस्त केली. खूश होऊन साहेबांनी त्याला शेजारी बसवलं, नवी धून वाजवून माझ्यात भरली आणि मलाच त्याच्या हाती दिलं.

घरी मधुकर सगळ्यांना गोळा करून जपानच्या साहेबांची गोष्ट सांगे आणि बटण दाबी. सुरुवातीला शांतता. "जरा थांबा, येतंय," तो म्हणे. थांबतंय कोण? "बाबांची आणखी एक थाप," म्हणत पोरं खट्कन बंद करत. एकट्याने ऐकणार नाही, हा मधुकरचा हट्ट. सूर माझ्या पोटात, बटण दुसऱ्याच्या बोटाखाली. ओरडणार कसा? मधुकर गेला तोही थापाड्या म्हणूनच.

यंदा वाशीची ती इमारत पाडायची ठरली. भंगारवाला दारात आला. मधुकरची लेक रंजिता म्हणाली, "एकदा लावून बघते."

"बघ ना, रिकामी टेप हाय," तिचा नवरा विपुल म्हणाला. "तुझ्या बाबांचं जपान मोऱ्याच्या धक्क्यावर संपायचं."

शांतता फिरू लागली. विपुलने बोट पुढे केलं. तेवढ्यात माझ्यातून कुणीतरी खाकरलं. रंजिताने त्याचा हात धरला.

"बाबा."

"खरखर हाय गो ती."

"बाबा असंच खाकरायचे. थांब."

"खाली टेम्पो उभाय, रंजू."

"उभा राहू दे."

मग लांबून, दमादमाने बासरी आली. भंगारवाल्याने खांद्यावरचं पोतं खाली ठेवलं. विपुल भिंतीला टेकून बसला. सूर संपला, तरी बंद करायला कुणाचं बोट पुढे आलं नाही.

"म्हणजे सासरे खरंच जपानला गेलेले," विपुल पुटपुटला.

आता मी रंजिताच्या भाड्याच्या घरात, टेबलावर असतो. मित्रांनो, एखादं जुनं यंत्र किंवा जुनं माणूस बोलायला लागलं आणि आधी नुसतंच खाकरलं, तर बटणावरचं बोट जरा मागे घ्या.