माझ्या अंगावरचा उलटा बाण

मी एक जुना बर्फाचा तुकडा आहे. हसू नका, मित्रांनो. तुमच्या ग्लासातला बर्फ सकाळी जमतो आणि दुपारी संपतो. माझं वय एक लाख तीस हजार वर्षं आहे, तेव्हा थोडा मान द्यायला हरकत नाही.

जन्मलो तेव्हा मी भुसभुशीत हिम होतो. माझ्यावर पुढच्या वर्षीचं हिम पडलं, त्यावर त्याच्या पुढच्या वर्षीचं. ओझं वाढत गेलं, मी दबत गेलो, आणि दबता दबता माझ्या कणांमधली हवा आतच कोंडली गेली. टाचणीच्या डोक्याएवढे हजारो बुडबुडे माझ्या पोटात आहेत आणि त्यांत त्या काळची हवा जशीच्या तशी आहे. माझ्या हातभर लांबीत सहाशे वर्षं बसली आहेत.

काळही साधासुधा नव्हता. एक हिमयुग संपत होतं. पृथ्वी हळूहळू ऊब धरत होती, हवेतला कार्बन डायऑक्साइड वाढत होता, बर्फाचे अफाट थर वितळत होते. पुढे समुद्र इतका चढला, की आजच्यापेक्षाही सहा मीटर वर गेला. आज जिथे बंदरं आणि बाजार आहेत, तिथे मासे पोहत होते. हे सगळं घडायला हजारो वर्षं लागली. पृथ्वी केवढी मोठी आणि किती सावकाश चालणारी आहे, हे आठवलं की मी अजूनही थक्क होतो.

मग एके दिवशी माणसांनी पोकळ गिरमिटाने भोक पाडून मला तळाजवळून वर ओढलं. बर्फाचा लांब दांडा उपसताना तो अधूनमधून तुटतो. तुटलेला प्रत्येक तुकडा टेबलावर ठेवायचा आणि त्यावर पेन्सिलीने बाण काढायचा, अशी पद्धत आहे. बाणाचं टोक आभाळाच्या बाजूला, म्हणजे नवं वर कुठे आणि जुनं खाली कुठे ते कळतं. बाण काढायचं काम करवतकाकांचं होतं. बर्फ कापण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता, म्हणून हे नाव.

नंतर मी शीतखोलीत आलो. तिथे इतकी थंडी, की पेनातली शाई गोठते आणि काकांच्या मिश्या पांढऱ्या होतात. काकांनी मला उभा चिरला. एक अर्धा भाग मोजण्यासाठी होता. दुसरा, म्हणजे मी, अजून जन्मायच्या माणसांसाठी राखून ठेवायचा होता. पाहुणे येत आणि मला बघून तोंडात बोटं घालत. खोटं कशाला बोलू, मला ते आवडायचं.

हवा मोजण्याचं काम एका शास्त्रज्ञ बाईंकडे होतं. शिकायला आल्या तेव्हापासून काका त्यांना ओळखत. बाईंनी माझा जुळा भाग बारीक चुरून त्यातली हवा मोजली आणि त्यांचा चेहरा उतरला. माझे वरचे-खालचे शेजारी सांगत होते, की त्या सहाशे वर्षांत कार्बन डायऑक्साइड वाढला. माझे आकडे सांगत होते, की तो कमी झाला. बाईंची सहा वर्षांची मेहनत माझ्यापाशी अडली.

त्यांचे साहेब म्हणाले, "हा तुकडा गाळून टाका. एका तुकड्याने काय बिघडतंय?"

"आज हा नडला म्हणून गाळला, तर उद्या दुसरा गाळावासा वाटेल," बाई म्हणाल्या.

त्यानंतर माझ्याकडे कोणी फिरकेना. मला ज्यात ठेवलं होतं त्या नळकांड्यावर 'शंकास्पद' अशी चिठ्ठी लागली. मित्रांनो, एक लाख तीस हजार वर्षं खरं सांभाळून ठेवायचं आणि शेवटी खोटारडा ठरायचं, हे मला फार लागलं.

एका सकाळी काका एकटेच आत आले. त्यांनी मला आणि माझ्या वरच्या शेजाऱ्याला टेबलावर ठेवलं आणि आमची तुटलेली टोकं एकमेकांना लावली. जुळेनात. मग त्यांनी मला फिरवून ठेवलं. टोकं अशी बसली, की मध्ये नखही शिरलं नसतं. काका तोंड मिटून बसले असते तरी कोणाला पत्ता लागला नसता; साहेब मला गाळायलाच बसले होते. पण त्यांनी बाईंना हाक मारली.

"बाई, बाण मीच उलटा काढला. नेमका हा तुकडा आला तेव्हा बोचरा वारा सुटला. पाठ वाऱ्याला करायची म्हणून मी टेबलाच्या पलीकडे उभा राहिलो. रोजच्या सवयीने बाणाचं टोक माझ्या डावीकडे काढलं, आणि पलीकडून ते उलटं झालं."

बाई रागावतील असं मला वाटलं. त्या म्हणाल्या, "काका, पाठ सांभाळलीत आणि इतिहास उलटा केलात की." दोघंही हसले. मग बाई गंभीर झाल्या. नुसते आकडे फिरवले, तर लोक म्हणतील सोयीचं केलं. पुन्हा मोजायला हवं, आणि मोजायला आता मीच उरलो होतो.

काकांनी माझ्या दोन्ही टोकांचे बोटभर काप काढले. जुन्या टोकाच्या हवेत दहा लाख कणांमागे कार्बन डायऑक्साइडचे दोनशे एकेचाळीस कण निघाले, नव्या टोकाच्या हवेत दोनशे अठ्ठेचाळीस. वाढच होती. माझा जीव भांड्यात पडला. काकांनी जुना बाण खोडला, नवा काढला आणि शेजारी लिहिलं, 'चूक माझी'.

कापताना उडालेली एक चकती त्यांनी कोमट पाण्याच्या भांड्यात टाकली. ती वितळताना बुडबुडे तडतड फुटू लागले. दोघंही कान लावून ऐकत राहिले. कोणत्याही माणसाच्या आठवणीपलीकडची हवा त्या खोलीत सुटत होती.

"बाहेरच्या हवेत आता किती?" काकांनी विचारलं.

"चारशे वीसच्याही वर. माझ्यासारख्यांनी तपासलेल्या आठ लाख वर्षांत हा आकडा कधी तीनशेच्या पलीकडे गेला नव्हता. अडीचशे वर्षांत आपण तो इथवर आणला."

हजारो वर्षांचं काम अडीचशे वर्षांत. मी पुन्हा थक्क झालो, पण या वेळी मला भीतीही वाटली.

मित्रांनो, एक गोष्ट सांगतो. हिम पडल्याबरोबर हवा कोंडली जात नाही. बुडबुड्यांची तोंडं मिटायला फार वर्षं लागतात. तुमच्या जन्माच्या वर्षी पडलेलं हिम, मी जन्मलो तिथे, अजून भुसभुशीत आहे. त्याच्यात कोणती हवा कोंडली जाईल, हे अजून ठरलेलं नाही.