उन्हातला ड्रम

"त्या पाण्याला हात नको लावू," गुरुपादप्पा म्हणाले.

मुग्धानं तोंड धुवायला पुढे केलेली ओंजळ तशीच राहिली. ड्रम दोनशे लिटरचा, डांबर फासून काळा केलेला, दुकानाबाहेर भर उन्हात उभा होता. मार्च महिना. लातूरला नळ आठव्या दिवशी येत होता, आणि इथं काठोकाठ पाणी.

"एवढं पाणी आहे, आणि हात लावायचा नाही?"

"गाड्यांचं हाय त्ये."

"गाड्यांना गरम पाणी लागतं?"

आतून शरणम्माचा आवाज आला. "इच्चार, इच्चार. धा वर्षं मी बी इच्चारायलेय. बायकोला न्हायला पाणी न्हाई, आन् गाडीला ऊन पाणी काढून ठेवलंय. लगीन तरी तिच्यासंगं करायचं."

गुरुपादप्पांनी पकड उचलली आणि ऐकलं नसल्यासारखं कामाला लागले. पस्तीस वर्षांच्या संसारात एवढी एक गोष्ट ते अगदी पक्की शिकले होते.

औसा रस्त्यावर, लातूरच्या चार किलोमीटर अलीकडे, त्यांचं पत्र्याचं दुकान होतं. पाटीवर 'गुरुपादप्पा रेडिएटर वर्क्स' आणि खाली लाल रंगात, स्वतःच्या हातानं लिहिलेलं: 'गरम इंजिनाचे झाकण उघडू नये. थांबावे.' लातुरात त्या वर्षांत दर दुसऱ्या घरावर क्लासची पाटी होती, तिसऱ्यात खानावळ, आणि उरलेल्या घरांमध्ये मुलींच्या खाटा. जागा पुरेना तशी वसतिगृहं या रस्त्यापर्यंत सरकत आली होती. मुग्धा त्यांतल्याच एका खोलीत राहायची. बिलोलीच्या मास्तरांची मुलगी. डॉक्टरकीची परीक्षा दुसऱ्यांदा देणार होती. रोज दुपारी दोनला क्लासला जायला जीप मिळेपर्यंत ती या दुकानाच्या सावलीत पुस्तक उघडून उभी राहायची.

त्या दुपारी वीरण्णाची काळी-पिवळी जीप आली आणि दुकानापुढे थांबली. माणूस पन्नाशीचा, उंच, वाळलेला. उतरला, राम राम नाही की काही नाही, दुकानाकडे पाठ करून दगडावर बसला. गुरुपादप्पांनीही त्याला काही विचारलं नाही. बॉनेट उघडून त्यांनी वरचा रबरी पाइप चिमटीत दाबून पाहिला. तो टणक लागला, म्हणजे आत दाब होता. मग तेही आपल्या स्टुलावर बसले.

"काय करताय काका?" मुग्धानं विचारलं.

"थांबायलोय. अर्धा घंटा."

अर्धा तास मुलीला तोंड मिटून बसवेना. तिनं विचारलं आणि गुरुपादप्पांनी तिला सांगितलं. इंजिनाच्या पोटातून पाणी फिरत असतं, पंप त्याला ढकलतो. इंजिन गार असलं की वॉल, म्हणजे झडप, बंद; पाणी आतल्या आत फिरतं. तापलं की वॉल उघडतो, पाणी वरच्या पाइपानं रेडिएटरच्या जाळीत येतं, पंखा हवा ओढतो, आणि निवलेलं पाणी खालच्या पाइपानं परत आत. पंखा आणि पंप एका पट्ट्यावर चालतात. पट्टा तुटला की दोन्ही बसले.

"लोक बोअरचं पाणी घालतेत," ते म्हणाले. "चहाच्या भगुन्याला बसतो तसा खार नळ्यांत बसतो. मंग पाणी फिरंना, आन् गाडी तापली की मिस्त्रीच्या नावानं ओरडा."

"आणि हे झाकण?"

"त्ये दाबून धरतं. आत पाणी शंभराच्या वर जातं, पर उकळत न्हाई."

"दाब वाढला की उत्कलनबिंदू वाढतो. दोन मार्काला येतं हे."

"आन् झाकण उघडलं की?"

"दाब गेला. सगळं एकदम उकळणार."

"हां. त्ये दोन मार्काचं न्हाई." गुरुपादप्पा हसले. पुढचे चार दात बसवलेले होते, बाकीच्यांपेक्षा पांढरे.

इंजिन निवल्यावर त्यांनी झाकण काढलं, तळाची तोटी सोडली. गंजानं तांबूस झालेलं पाणी वाहून गेलं. जाळी धुतली, नवं पाणी भरलं. वीरण्णा उठला, त्यानं स्टुलावर पैसे ठेवले आणि मुग्धासकट जीप घेऊन गेला. चकार शब्द नाही.

दुसऱ्या दिवशी मुग्धानं शरणम्माला गाठलं. "मावशी, तुम्ही रस्त्यानं जाणाऱ्यालासुद्धा चहा देता. काल त्यांना नाही दिलात."

"माज्या घरचा चहा? त्याला?" शरणम्मानं पदर खोचला. "ह्यांचे दात बघितलीस का? त्यानं पाडलेत."

आणि मग तिनं डावं मनगट पुढे केलं. हाड वाकडं जुळलेलं होतं.

त्र्याण्णवच्या सप्टेंबरची ती पहाट. लोक गणपती बुडवून नुकते झोपले होते. जमीन हलली तेव्हा या दुकानाचे पत्रे वाजले, एवढंच झालं. किल्लारीच्या बाजूची गावं मात्र दगडामातीच्या भिंतींखाली गेली. सकाळी आठच्या सुमाराला पावसात एक जीप वाफा टाकत इथवर आली आणि थांबली. वीरण्णाची. मागे त्याची बायको, तिच्या मांडीवर त्यांची सहा वर्षांची गंगम्मा. पोरीच्या पोटावर घराची तुळई पडली होती. पोरगी शुद्धीवर होती, पाणी मागत होती.

जीपमधलं पाणी उकळून गेलं होतं. "ओत लवकर," वीरण्णा म्हणाला.

गुरुपादप्पांजवळ पाणी होतं, पण गार. तापलेल्या इंजिनात गार पाणी ओतलं तर ब्लॉक तडकतो, आणि मग लातूरही नाही नि गावही नाही. ऊन पाणी हवं होतं. त्या दिवशी रस्त्यावरच्या एकाही घरात चूल पेटली नव्हती. सगळे भीतीनं उघड्यावर, पावसात. सरपण भिजलेलं. गुरुपादप्पा म्हणाले, "अर्धा घंटा थांब." आणि स्वतः रस्त्याच्या मधोमध हात पसरून उभे राहिले. गाड्या जात होत्या, पण सगळ्या तिकडेच, किल्लारीकडे. त्यांना चुकवून निघून जात होत्या.

पंचवीस मिनिटांनी पोरीला जोजवणारी वीरण्णाच्या बायकोची मांडी हलायची थांबली.

वीरण्णानं जॅकचा दांडा उचलला. पहिला घाव तोंडावर. दात आणि रक्त एकदमच खाली पडलं. दुसरा खांद्यावर. तिसरा डोक्यावरच बसायचा. शरणम्मा नवऱ्यावर पडली आणि तो तिच्या मनगटावर बसला. मग दांडा आपोआप त्याच्या हातातून गळाला.

तोवर इंजिन निवलं होतं. गुरुपादप्पांनी तोंडावर टॉवेल दाबून त्यात पाणी भरलं आणि गाडी चालू करून दिली. वीरण्णानं ती गावाकडे वळवली. लातूरला जायचं कारण उरलं नव्हतं.

"फौजदाराकडं जावा म्हणलं," शरणम्मा सांगत होती, "तर म्हणले, बरोबर मारलं त्यानं. आन् आठ दिसांनी ह्यो ड्रम आणला. चिखलात पाय रुतायलाय, आभाळ काळंकुट्ट, आन् हे उन्हाची जागा हुडकायलेत. पुढच्या साली त्यो मुडदा आला जीप घेऊन. बसला दगडावर. गावात धा मिस्त्री हायेत, पर हिकडंच येतो, दर साली. का येतो, कुणाला ठावं."

"काका काय म्हणतात?"

"काका पाइप दाबून बघतेत."

एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यात, दुपारी दोनला, मुग्धा रस्ता ओलांडत होती. सिमेंटचा ट्रक आला, तिला उडवून तसाच निघून गेला. मागून औशाकडून येणारी वीरण्णाची जीप तिच्या अंगावर जाऊ नये म्हणून वळली आणि लिंबाच्या झाडावर आदळली. खानावळीतून माणसं धावत बाहेर आली तेव्हा त्यांना दिसलं ते एवढंच: रक्तात पडलेली मुलगी, नाक चेचलेली जीप, आणि जीपमधून उतरणारा माणूस. ट्रक पळाला होता. थांबला तो सापडला.

पहिली लाथ कुणी मारली हे कुणालाच नंतर आठवलं नाही. कमरेचे पट्टे निघाले. कुणी मांडवाचा बांबू आणला. वीरण्णा एकदा उठला, दुसऱ्यांदा अर्धा उठला, मग उठलाच नाही. डोकं दोन्ही हातांत घेऊन पडून राहिला आणि बांबू हातांवर बसत राहिला. बोटं मोडल्याचा आवाज आला. दगड जीपवर गेले, काच फुटली. दोन रिक्षा येत होत्या. त्यांनी हे पाहिलं आणि लांबूनच वळल्या. तिसरी आलीच नाही.

शरणम्मा मुग्धापाशी पोहोचली होती. मांडी उघडी पडली होती आणि रक्त उसळ्या मारत होतं. तिनं लुगड्याचा काठ दातांनी फाडला, मांडीभोवती आवळला, वर हातातलं लाटणं अडकवून पिळलं. "झोपू नको," ती म्हणत होती. "बोल माझ्यासंगं. त्ये दोन मार्काचं सांग."

गुरुपादप्पा मुलीकडे गेलेच नाहीत. ते जीपकडे गेले. बॉनेट उचकटलं. पंख्याचा पट्टा तुटलेला, इंजिन रटरटत होतं, वाफ निघत होती. जाळी मात्र फुटली नव्हती. दुकानातल्या खिळ्यावरचा जुना पट्टा काढून त्यांनी चढवला. वरचा पाइप दाबला. दगडासारखा टणक. म्हणजे अर्धा तास थांबणं.

मग ते गर्दीत शिरले. त्यांच्या पाठीवर एक पट्टा बसला, दुसरा कानावर.

"मारा की," ते म्हणाले. "मी कुठं नको म्हणालोय. पर नंतर मारा. पोरगी मरायलीय. गाडी तुम्हांपैकी कोण चालवणार, सांगा."

गर्दीला राग येत होता, गाडी येत नव्हती. बांबूवाला थांबला. त्या एका क्षणात गुरुपादप्पांनी वीरण्णाच्या काखेत हात घालून त्याला उठवलं, ओढत नेलं आणि स्टेअरिंगमागे बसवलं. एक डोळा बंद झाला होता. उजव्या हाताची दोन बोटं भलतीकडेच वळली होती.

"चालवशील?"

वीरण्णानं मान हलवली.

गुरुपादप्पांनी झाकणावर पोतं टाकलं. कसं उघडायचं हे त्यांनी हजार जणांना सांगितलं होतं: उघडायचंच नाही. आणि उघडावंच लागलं तर अर्धा फेरा द्या, वाफ जाऊ द्या, पाच मिनिटं मोजा. त्यांनी अर्धा फेरा दिला. वाफ किंचाळत निघाली. त्यांनी दोनपर्यंत आकडे मोजले आणि उरलेला फेरा दिला.

लालसर उकळतं पाणी माणसाच्या उंचीइतकं वर गेलं आणि त्यांच्या हातावर, गळ्यावर आलं. पोतं कातड्याला चिकटलं. त्यांनी हात मागे घेतला नाही. झाकण सुटून गेलं असतं आणि शोधायला वेळ नव्हता. फुटलेल्या काचेतून वीरण्णा हे बघत होता. पट्टे धरलेली माणसं दोन-दोन पावलं मागे सरकली. इतका वेळ जे करत होते ते त्यांना सोपं वाटत होतं, हे बघवेना.

"शरणे," गुरुपादप्पा म्हणाले, "ड्रम."

तिनं मुलीला उचलणाऱ्यांच्या हाती दिलं आणि बादली बुडवली. दुपारचं पाणी, हाताला चटका बसेल असं. वीरण्णानं इंजिन चालू केलं. ती धार धरून ओतत राहिली, बारीक, दुधाला विरजण लावावं तशी. एक बादली, दुसरी, तिसरी. पाणी वर आलं. गुरुपादप्पांनी डाव्या हातानं झाकण बसवलं.

मुग्धाला मागच्या बाकावर आडवं केलं होतं. वीरण्णा म्हणाला, "मिस्त्री, बसा तुमी बी. हात..."

दहा वर्षांत तो पहिल्यांदा बोलला होता.

"जा," गुरुपादप्पा म्हणाले. "थांबू नको."

मुग्धा वाचली. पाय शाबूत राहिला, परीक्षा गेली. तिचे वडील बिलोलीहून शाल-नारळ घेऊन आले. गुरुपादप्पांना तो नारळ डाव्या हातात घ्यावा लागला, आणि मास्तरांना वाटलं हे रागावले की काय. उजवा हात कोपरापासून बोटांपर्यंत आकसला होता. दोन बोटं उघडायची, तीन मिटलेलीच. तापवलेली सळई धरून जाळीच्या नळ्या जोडायचं काम त्या हाताला परत कधी जमलं नाही. गिऱ्हाईक आलं की ते स्टुलावर बसून सांगायचे आणि गिऱ्हाईक स्वतःच पान्हा फिरवायचं. निम्मी गिऱ्हाइकं दुसरीकडे गेली. ट्रकवाला सापडला नाही. बांबूवालेही सापडले नाहीत. त्यातले चार तर रोज समोरच्या खानावळीत जेवत होते.

ड्रम पुन्हा काठोकाठ भरला नाही. पुढचा नळ अकराव्या दिवशी आला तो घरालाच पुरला नाही.

जुलै उजाडला तरी पावसाचा पत्ता नव्हता. एका सकाळी जीप आली. काच नवी, नाक ठोकून सरळ केलेलं. वीरण्णाचं स्वतःचं नाक मात्र वाकडंच राहिलं होतं. तो उतरला. मागच्या बाकावरून दोन मोठे कॅन काढले, आपल्या गावच्या विहिरीचं पाणी. एकेक कॅन छातीशी कवटाळून आणला, कारण बोटांत धरवत नव्हता, आणि ड्रममध्ये ओतला. गुरुपादप्पा बघत राहिले.

मग तो दगडावर बसला. दुकानाकडे तोंड करून.

थोड्या वेळानं उठला, बॉनेट उघडलं, वरचा पाइप आपल्या चांगल्या बोटांत दाबून पाहिला.

"निवलं वाटतं," तो म्हणाला.

"न्हाई अजून. थांब."

"थांबतो की. घाई न्हाई."

दोघं बसले. रस्त्यावरून क्लासच्या मुलींनी भरलेल्या जीपा जात होत्या.

आत भांडी जरा जास्तच आपटल्यासारखी वाजत होती. मग ती थांबली. शरणम्मा दारापर्यंत आली, बाहेर आली नाही. तिनं नवऱ्याकडेच बघून विचारलं.

"साखर किती लागती, इच्चारा त्यास्नी."

गुरुपादप्पा आपल्या मिटलेल्या बोटांकडे बघत बसले होते.

"कमी," वीरण्णा जमिनीकडे बघत म्हणाला.