सगुणाबाईंचा सिनेमा

सिग्ने हॉल्मक्विस्ट मुंबईत आली ती एका धोट्याचा सिनेमा काढायला. स्वीडनमधल्या एका कारखान्याने कापडाच्या मागात आडवं सूत ने-आण करणारा नव्या तऱ्हेचा धोटा बनवला होता आणि तो परळच्या एका गिरणीत चालताना दाखवायचा होता. सहा मिनिटांचं काम. पन्नाशी ओलांडल्यावर तिच्या वाट्याला अशीच कामं येत.

खरं तर तिचं सगळं आयुष्य सिनेमातच गेलं होतं. उत्तरेकडच्या एका गावात लाकडं कापणाऱ्या मजुराची ही मुलगी. वयात येते न येते तोच स्टॉकहोमला आली, स्टुडिओत नट्यांचे कपडे शिवू लागली, तिथून फिल्म जोडायच्या खोलीत शिरली आणि वर्षानुवर्षं दुसऱ्यांचे सिनेमे कापून-जोडून उभे करत राहिली. शेवटी हट्टाला पेटून तिने स्वतःचा एक सिनेमा काढला, आपल्या गावातल्या विधवांवर. तो आठवडाभरही चालला नाही. बाईंनी कात्रीच धरावी, असं एका पेपरवाल्याने लिहिलं आणि ते वाक्य शहरभर झालं. मग डेअरीचा सिनेमा, सायकलींचा सिनेमा आणि आता हा धोट्याचा.

१९५८ सालचा मे महिना होता. ठाकूरद्वारच्या एका खानावळीवर तिची उतरायची सोय झाली आणि दुभाषी म्हणून मिळाली कौसल्या तांबे. कौसल्या शाळेत इंग्रजी शिकवायची. सुट्टी होती म्हणून तिने हे काम घेतलं. तिचे वडील दौलत त्याच गिरणीत सूत कातायच्या खात्यात होते.

पहिल्याच रविवारी कौसल्या तिला डिलाईल रोडच्या आपल्या चाळीत जेवायला घेऊन गेली. शेजारची जाईबाई मालवणकडची. तिला काही सिग्ने हे नाव उच्चारता येईना. दोनदा जीभ अडखळली, मग तिने स्वतःच तोडगा काढला.

"सगुणाबाई म्हणतंय मी हिका. काय गो सगुणाबाई, जेवलंस मां?"

तेव्हापासून अख्ख्या चाळीत ती सगुणाबाई झाली.

त्या संध्याकाळी लालबागहून मोर्चा निघाला होता. सिग्ने कॅमेरा खांद्यावर टाकून त्यात घुसली. 'मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे', आवाजाने रस्ता दणाणत होता. पुढच्या रांगेत दौलत होते आणि त्यांच्या खांद्यावर हात टाकून जयवंत परब. जयवंत त्याच गिरणीत विणकर होता आणि समितीचा झुंजार कार्यकर्ता. दोघांच्या माना एकाच वेळी वर होत होत्या. सिग्नेने ते चित्र मनापासून टिपलं.

दुसऱ्या दिवशी विणाईच्या खात्यात धोटा हातात घेऊन तिने कौसल्याला सहज विचारलं, "तुझ्या वडिलांना इथे जास्त पगार मिळाला असता ना? मग ते तिकडे कशाला राहिले?"

कौसल्याने शेजारच्या साच्यातल्या, म्हणजे मागातल्या, जुन्या धोट्याकडे बोट दाखवलं. मग म्हणाली, "धोट्यात सुताची नवी कांडी घातली की त्याचं टोक भोकातून तोंडाने ओढून घ्यावं लागतं. एकच धोटा सगळ्या विणकरांच्या तोंडाला लागतो. आम्हाला म्हणून या खात्यात घेत नाहीत. आता आम्ही बौद्ध झालो, पण यांच्या लेखी आम्ही तेच आहोत."

"आणि काल तो परब?"

"मोर्च्यात बाबांचा खांदा चालतो, बाई. साच्यावर तोंड चालत नाही."

सिग्नेने हातातल्या धोट्याकडे पाहिलं. या नव्या धोट्याला बाजूने बारीक चीर होती. सूत बोटाने सरकवलं की आत जाई. तोंड लावायचं कारणच नव्हतं. कारखान्याने तो वेळ वाचावा म्हणून बनवला होता. आपण इथे काय घेऊन आलोय, हे कारखान्यालाही ठाऊक नव्हतं आणि आत्तापर्यंत तिलाही नव्हतं.

संध्याकाळी ती दौलतसमोर जाऊन बसली. "माझ्या सिनेमात हा साचा तुम्ही चालवाल?"

कौसल्याने मराठीत सांगितलं. दौलतनी खाली पाहिलं.

"बाईंना सांग, खातं बंद पडेल. त्यांचं काम राहून जाईल."

"माझी कामं याआधीही राहिलीत," सिग्ने म्हणाली. "त्यांना यायचंय का, एवढंच विचार."

दौलतनी मान वर केली. मग मुलीकडे वळून म्हणाले, "शिकवील कोण?"

कारखान्याचा फिटर नमुन्याचा साचा घेऊन आला होता. त्याने शिकवलं. दौलत रोज पाळी सुटली की त्याच्याकडे जात.

चित्रीकरणाच्या दिवशी मॅनेजर आडवा आला. "विणकर साचे बंद करतील, मॅडम."

"मग मी बंद साचे दाखवीन," सिग्ने म्हणाली आणि कॅमेऱ्यामागे गेली.

तसंच झालं. दौलत साच्यापाशी उभे राहिले आणि खात्याचा खडखडाट एकेका रांगेने विझत गेला. माणसं हाताची घडी घालून उभी राहिली. दौलतनी बोटाने सूत सरकवलं, साचा सुरू केला. धोटा चारदा गेला आणि सूत तुटलं. मागे कोणीतरी हसलं. हे हसू सिग्नेच्या ओळखीचं होतं. पण कॅमेऱ्यावरचा हात तिने हलू दिला नाही.

तेवढ्यात जयवंत आपल्या साच्यापासून निघाला. सगळ्यांच्या देखत दौलतजवळ आला, तुटलेली टोकं बघता बघता बांधली आणि म्हणाला, "दौलतदा, ताण जरा जास्त झालाय. आता लाव."

साचा चालला. यावेळी थांबला नाही. बोटभर, मग वीतभर पांढरंशुभ्र कापड उतरलं.

"अरे जयवंता, हा फॅन्सी धोटा आहे म्हणून," मागून एक जण ओरडला. "आपला धोटा देशील काय त्याला?"

जयवंत वळला. आपल्या साच्यातला जुना, घामाने काळा पडलेला धोटा त्याने काढून आणला, नवी कांडी घातली आणि दौलतसमोर धरला. दौलतनी धोटा ओठांना लावून सूत ओढलं. जयवंतने तो परत घेतला, सूत मुद्दाम बाहेर काढलं आणि त्याच भोकाला तोंड लावून पुन्हा ओढलं.

"त्या रविवारी रस्त्यावर महाराष्ट्र सगळ्यांचा म्हणून बोंबललो ना आपण?" तो म्हणाला. "मग घसा काय उगाच बसवला?"

आणि तो आपल्या साच्यावर गेला. आधी त्याचा एकट्याचा साचा वाजत राहिला. मग शेजारचा सुरू झाला. मग पलीकडची रांग. काहींनी शेवटपर्यंत हात लावला नाही, पण खातं चालू झालं. कौसल्या भिंतीला टेकून रडत होती आणि सिग्नेला डोळे पुसायलाही हात मोकळा नव्हता.

कारखान्याला तिने कबूल केल्याप्रमाणे सहा मिनिटं दिली. बाकीची फिल्म तिची स्वतःची होती. स्टॉकहोमच्या त्याच जुन्या खोलीत बसून तिने ती जोडली, मोर्च्यासकट, हसण्यासकट. युरोपातल्या एका महोत्सवात सिनेमा संपला तेव्हा लोक उभे राहिले आणि बसेचनात. पहिलं बक्षीस मिळालं. ज्या स्टुडिओने त्या अपयशानंतर तिला पुन्हा सिनेमा दिला नव्हता, त्याचा मालक फुलं घेऊन विमानतळावर आला. पुढे सत्तरी उलटेपर्यंत ती सिनेमे काढत राहिली आणि तिच्या गावच्या विधवांचा तो पडलेला सिनेमाही लोकांनी शोधून काढून पाहिला.

पण गिरणीतला हा सिनेमा तिला दाखवायचा होता डिलाईल रोडला. १९६० साली महाराष्ट्र झाला, त्याच महिन्यात ती फिल्मची पेटी घेऊन मुंबईत उतरली. चाळीमागच्या मैदानात पडदा बांधला. दिवेलागणीला सगळी गिरणगावची माणसं लोटली. जयवंत पडद्यावर दिसला की पोरं शिट्ट्या मारत आणि तो लाजून बायकोच्या मागे दडे. दौलतनी धोटा ओठांना लावला, तेव्हा मात्र मैदान चिडीचूप झालं. मग टाळ्या सुरू झाल्या त्या थांबेनात.

"सगुणाबाय, परत लाव गो," जाईबाई म्हणाली. "माका नीट दिसला नाय."

परत लावला. सिग्ने गर्दीत दौलतना शोधत होती. त्यांचा चेहरा तिला बघायचा होता.

"बाबा कुठे आहेत?" तिने कौसल्याला विचारलं.

"दुसरी पाळी आहे त्यांची," कौसल्या म्हणाली. "विणाईत, आपल्या साच्यावर गेलेत."